मंडपातल्या एईडीला बटण हवं की नको?

लोकमान्यनगरकर: यंदा इंदूरच्या आपल्या गणेशोत्सव मंडपात एईडी, म्हणजे हृदयाचे ठोके अचानक विस्कटून रक्त फिरणं थांबल्यावर झटका देणारी पेटी, ठेवायची आहे. दोन प्रकार मिळतात. एकात यंत्र ठोके तपासून सांगतं आणि बटण माणूस दाबतो. दुसऱ्यात तीन, दोन, एक मोजून झटका आपोआप बसतो. माझं मत बटणवाल्याला. कुणाच्या जिवाचा फैसला पेटीने का करावा?

रामबागवाले: फैसला आजही पेटीच करते, भिया! ईसीजी, म्हणजे ठोक्यांची रेघ, बऱ्याच पेट्यांवर दिसतच नाही, आणि दिसला तरी वाचणार कोण? रेघ सपाट असेल तर पेटी झटका नाकारते, मग बटण कितीही दाबा. उलट घाबरलेला माणूस बोट उचलून उभा राहतो. सीपीआर, म्हणजे छाती दाबून रक्त फिरतं ठेवणं, नसेल तर दर मिनिटाला जगण्याची शक्यता ७ ते १० टक्क्यांनी घटते.

परदेशीपुरा: बटण फैसल्यासाठी नाहीच, नजरेसाठी आहे. भाऊ रुग्णाचा हात धरून बसलाय, हे पेटीला कळत नाही. भाद्रपदातल्या पावसात छाती ओली असते. आधी टॉवेलने पुसायची, मगच झटका देणारे चिकट पॅड: एक उजव्या हसळीखाली, दुसरं डाव्या काखेखाली. 'दूर व्हा' ओरडून, सगळीकडे बघून मग बटण.

रामबागवाले: माणूस बसवला म्हणजे तो बघतोच असं कुठे आहे? मार्च २०१८ मध्ये अमेरिकेत टेंपीला उबरच्या स्वतः चालणाऱ्या चाचणी-गाडीने सायकल ढकलत रस्ता ओलांडणाऱ्या बाईला ठार केलं. ती ५.६ सेकंद आधी टिपली गेली होती. पण यंत्र तिला कधी गाडी, कधी सायकल, कधी 'इतर' ठरवत होतं आणि दर वेळी तिची आधीची वाटचाल विसरत होतं. देखरेखीच्या माणसाची नजर रस्त्यावर नव्हती.

परदेशीपुरा: तुलना लंगडी आहे. तिथे तासन्‌तास काहीच न घडणाऱ्या रस्त्याकडे बघत बसायचं होतं, डोळा चुकणारच. इथे जेमतेम दहा सेकंद बघायचंय. शिवाय पेटीसमोर प्रश्न एकच, ठोक्यांची लय झटका देण्याजोगी आहे की नाही. रस्त्यावर प्रश्नच ठरलेला नसतो.

रामबागवाले: हे पटलं. तरी बोट अडखळण्याचं काय?

लोकमान्यनगरकर: त्यासाठी आठ जणांची तालीम घेऊ. झटक्यानंतर लगेच दोन मिनिटं छाती दाबायची, हेच लोक विसरतात. आणि पॅडची मुदत पाकिटावर असते. ती बघायचं काम रामबागवाल्यांकडे.

रामबागवाले: बघतो. पण बटणाला माझा विरोध नोंदवून ठेवा.