५० लाखांचं होम लोन: शेवटी खरा खर्च किती धरायचा?

निगडीकर_३१

नमस्कार मंडळी. रावेतमध्ये एक टू बीएचके जवळपास नक्की करत आणलाय. अ‍ॅग्रीमेंट व्हॅल्यू ६५ लाख, काम आठव्या स्लॅबपर्यंत आलंय, रेरावर (घरबांधणी नियामकाच्या साइटवर) पझेशनची तारीख अजून दीड वर्षानं आहे. लोन ५० लाख काढायचं, बाकीचे आमची बचत आणि थोडे बाबांचे. एका हाउसिंग फायनान्स कंपनीचा माणूस घरी येऊन गेला, तो ८.५ टक्क्यानं द्यायला तयार आहे आणि म्हणतो ३० वर्षं घ्या, हप्ता साडेअडतीस हजारात बसतो, पुढे पगार वाढला की लवकर फेडून टाका. आम्ही दोघंही नोकरी करतो, हातात मिळून १ लाख ३५ हजार येतात, भाडं सध्या १९ हजार. म्हणजे हप्ता झेपतो. पण या घरासाठी आपल्या खिशातून एकूण किती जाणार हा आकडा मला कोणी सरळ सांगतच नाही, जो तो फक्त हप्ता सांगतो. आमच्या घरात याआधी कोणी कर्ज काढलेलं नाही त्यामुळे विचारायला पण कोणी नाही. शिवाय तो माणूस म्हणाला की बायकोचं नाव पहिलं लावलं तर स्टँप ड्यूटीत १ टक्का सूट मिळते आणि व्याजाचं काय ते टॅक्समध्ये परत येतं. हे खरंय का? जाणकारांनी प्लीज जरा सविस्तर सांगा.

ज्योत्स्ना_सदाशिव

मी बरीच वर्षं बँकेत कर्ज विभागात होते म्हणून लिहिते. तुम्ही प्रश्न बरोबर विचारलाय, काउंटरवर बसणारे दहातले नऊ जण फक्त "हप्ता किती" एवढंच विचारून सही करतात.

आधी मुदत बघा. ५० लाख, ८.५ टक्के. १५ वर्षांना हप्ता ४९,२३७ येतो आणि एकूण व्याज साधारण ३८ लाख ६० हजार. २० वर्षांना हप्ता ४३,३९१, व्याज ५४ लाखांच्या थोडं वर. ३० वर्षांना हप्ता ३८,४४६ आणि व्याज ८८ लाख ४० हजार. म्हणजे २० ची ३० वर्षं केली की महिन्याला तुमचे पाच हजारसुद्धा वाचत नाहीत, आणि त्यासाठी व्याज सव्वाचौतीस लाखांनी वाढतं. तुमच्या पगारात ते पाच हजार बसतायत मग हा सौदा का करायचा?

दुसरं म्हणजे सुरुवातीला हप्त्यातला बहुतेक पैसा व्याजातच जातो. २० वर्षांचं धरलं तर पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ व्याज आणि मुद्दलात जेमतेम ८ हजार. पहिल्या वर्षात तुम्ही ५ लाख २० हजार भरता आणि कर्ज कमी होतं १ लाखाच्याही किंचित आत. मुद्दल अर्ध्यावर यायला पावणेचौदा वर्षं लागतात. सातव्या-आठव्या वर्षी घर विकायला निघालेली मंडळी थकबाकीचं पत्र बघून थक्क व्हायची, एवढे भरले तरी इतके कसे बाकी, हे मी खूप वेळा समजावून सांगितलंय. सही करायच्या आधी महिन्यावार तक्ता मागून घ्या, त्यात व्याज किती आणि मुद्दल किती ते ओळीओळीनं दिसतं.

आणि "पुढे लवकर फेडा" हे म्हणणं चूक नाही पण त्याची सुरुवात पहिल्या वर्षापासून व्हायला हवी. २० वर्षांच्या कर्जात दर वर्षाअखेर फक्त एक हप्ता जास्तीचा भरला तर कर्ज सुमारे १६ वर्षं ८ महिन्यांत संपतं, दहा-साडेदहा लाख व्याज वाचतं. पगारवाढीबरोबर हप्ता दरवर्षी ५ टक्क्यांनी वाढवत नेलात तर सव्वाबारा वर्षांत मोकळे, व्याज १९ लाखांहून जास्त वाचतं. हेच पैसे पंधराव्या वर्षी भरले तर फायदा फारच थोडा, कारण तोवर व्याजाचा मोठा भाग देऊन झालेला असतो. फ्लोटिंग, म्हणजे मधेमधे बदलणाऱ्या दराच्या घरकर्जावर वैयक्तिक ग्राहकाला वेळेआधी फेडीचा दंड लावता येत नाही, बँकांना हे २०१२ पासून बंद आहे. तेव्हा कोणी चार्जेस पडतील म्हणालं तर लेखी मागा.

चिंचवड_सुहास

ताईंनी सगळं ८.५ टक्के कायम धरून सांगितलंय, ते समजायला ठीक आहे पण माझ्या मते खरा धोका दरात आहे आणि तो लोकांना दिसत नाही कारण दर वाढला तरी हप्ता तेवढाच राहतो, मुदत गुपचूप वाढते.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते तो दर, ४ वरून ६.५ टक्के झाला. आता एक उदाहरण घ्या, २०२१ च्या सुरुवातीला ३० लाखांचं कर्ज, ६.९ टक्के, २० वर्षं, हप्ता २३,०७९. दोन वर्षांनी मुद्दल साडेअठ्ठावीस लाख उरलं आणि दर झाला ९.४. हप्ता तोच ठेवला तर त्यातले २२,३२८ नुसतं व्याज, मुद्दलात जातात साडेसातशे रुपये. अठरा वर्षं उरली होती त्याची हिशोबानं छत्तीस होतात! निवृत्तीच्या वयाची अट असते म्हणून बऱ्याच ठिकाणी मग नाइलाजानं हप्ता पण वाढवला गेला. माझ्या ऑफिसातल्या एकाला अ‍ॅप उघडल्यावर कळलं की त्याचं कर्ज आता वयाच्या एकोणसत्तराव्या वर्षापर्यंत चालणार आहे, एक मेसेज आला होता म्हणे त्याला पण त्यात फक्त नवीन दर होता.

यावर रिझर्व्ह बँकेनं ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केले. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडायचा पर्याय ग्राहकाला द्यायलाच लागतो. शिवाय दर तीन महिन्यांनी स्टेटमेंट, त्यात आजवर किती व्याज किती मुद्दल गेलं, किती हप्ते उरले आणि दर किती ते सगळं पाहिजे. तुम्ही त्यातले "उरलेले हप्ते" तेवढे बघत जा, वाढलेले दिसले की त्याच आठवड्यात अर्ज देऊन हप्ता वाढवून घ्या.

आणि हाउसिंग फायनान्स कंपनी की बँक हा फरक पण समजून घ्या. बँकांचे फ्लोटिंग होम लोन १ ऑक्टोबर २०१९ पासून रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधलेले आहेत आणि किमान तीन महिन्यांतून एकदा दर नव्यानं लावायलाच लागतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हे बंधन नाही, त्या स्वतःचा मूळ दर स्वतः ठरवतात. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो ६.५ वरून ५.५ झाला तेव्हा रेपोवाल्यांचा दर आपोआप उतरला, बाकीच्या अनेकांना कन्व्हर्जन फी (दर बदलून घ्यायची फी) भरून अर्ज करावा लागला. अर्धा टक्का म्हणजे किरकोळ वाटतं ना, तुमच्या ५० लाखांवर २० वर्षांत पावणेचार लाख होतात.

निगडीकर_३१

बापरे, ३० आणि २० मधला फरक इतका असेल असं खरंच वाटलं नव्हतं. सुहासदादा, मग फिक्स्ड दर घेतला तर? आणि टॅक्सचं कोणीतरी सांगा ना.

चिंचवड_सुहास

आपल्याकडे फिक्स्ड म्हणून जे विकतात ते बरेचदा दोन-तीन वर्षांपुरतंच फिक्स असतं आणि दर वरचा असतो, त्यामुळे सँक्शन लेटरमधली रीसेटची (दर पुन्हा कधी बदलणार त्याची) ओळ वाचल्याशिवाय घेऊ नका. मी तरी रेपोला बांधलेलं फ्लोटिंगच घेईन.

मनमाड_ते_ठाणे

मी थोडं वेगळं म्हणतो. मुद्दल आणि व्याज मिळून १ कोटी ४ लाख भरायचे म्हणून घाबरून जाऊ नका. २०४० सालचे ४३ हजार आणि आजचे ४३ हजार एक नाहीत. महागाई ६ टक्के धरून सगळे २४० हप्ते आजच्या पैशात आणले तर बेरीज साठ-साडेसाठ लाख येते. माझ्या वडिलांनी १९९० च्या दशकात घेतलेल्या घराचा हप्ता त्यांना तेव्हा डोंगर वाटायचा, शेवटच्या वर्षांत तो घरच्या किराणा बिलापेक्षा कमी झाला होता. म्हणून सगळा जादा पैसा कर्जात ओतण्यापेक्षा काही एसआयपीत (म्युच्युअल फंडात दरमहा थोडे थोडे) टाका असं माझं मत. आणि भाडं १९ हजार आहे ते पण वीस वर्षं १९ राहणार नाहीये, ते तुलनेत धरा.

ज्योत्स्ना_सदाशिव

महागाईचा मुद्दा मान्य, फक्त तो पगार महागाईबरोबर वाढत राहिला तरच लागू पडतो, हे विसरू नका. आणि कर्जात भरलेला रुपया ८.५ टक्के नक्की वाचवतो, त्यावर कर नाही, बाजाराची धाकधूक नाही. एसआयपी करा जरूर पण आधी सहा महिन्यांचे हप्ते बाजूला एफडीत ठेवा, नोकरी गेली तर एसआयपी पडत्या बाजारात मोडायची वेळ येते आणि तेव्हा सगळा हिशोब उलटा होतो.

आता टॅक्स. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट मिळते, ती फक्त जुन्या कर प्रणालीत. नवीन प्रणालीत राहत्या घराला काहीच नाही, आणि २०२३-२४ पासून नवीन प्रणालीच डिफॉल्ट आहे. तुमचं पहिल्या पूर्ण वर्षाचं व्याजच सव्वाचार लाखांच्या जवळ आहे. दोघं मालक आणि दोघं कर्जदार असाल तर जुन्या प्रणालीत प्रत्येकाला २ लाख मिळतात, पण पझेशन मिळेपर्यंत तेही नाही, बांधकामाच्या काळातलं व्याज नंतर पाच वर्षांत विभागून घेता येतं. शिवाय वजावट म्हणजे तेवढे पैसे परत नव्हेत, २ लाखांवर जो कर लागला असता तेवढाच वाचतो. तेव्हा "व्याज टॅक्समध्ये परत येतं" हे त्या माणसाचं बोलणं कानाआड करा.

विम्याचंही सांगते. कर्जाबरोबर एकरकमी प्रीमियमची पॉलिसी जोडतात आणि तो प्रीमियम कर्जातच मिळवतात. १ लाखाचा प्रीमियम ८.५ टक्क्यानं २० वर्षं फेडताना २ लाख ८ हजारांना पडतो. कर्जासाठी ही पॉलिसी सक्तीची नसते. वेगळा टर्म इन्शुरन्स दोघांनीही घ्या, तो मात्र नक्की घ्या, कर्ज डोक्यावर असताना कमावतं माणूस गेलं तर काय होतं ते मी समोर बसून बघितलंय.

नाशिकरोड_प्र

स्टँप ड्यूटीचं: महिलांची १ टक्का सवलत घर फक्त महिलेच्या (किंवा सगळ्या महिलांच्या) नावावर असेल तरच. जोडीनं घेतलं, तिचं नाव पहिलं असलं तरी मिळत नाही. तुमच्याकडे पिंपरी-चिंचवडला ७ टक्के म्हणजे ४ लाख ५५ हजार, रजिस्ट्रेशन ३० हजार, आणि अंडर कन्स्ट्रक्शन आहे म्हणून जीएसटी ५ टक्के, सव्वातीन लाख. ही रक्कम ८ लाख १० हजारांवर जाते आणि बँक घराची किंमत मोजताना हे खर्च धरत नाही, म्हणजे सगळे स्वतःचे. एकट्या बायकोच्या नावावर घेतलं तर ६५ हजार वाचतील पण तुम्ही मालक नाही म्हटल्यावर तुम्हाला व्याजाची वजावट नाही. याशिवाय प्रोसेसिंग फी, गहाणखताची स्टँप ड्यूटी, बिल्डर पझेशनला आगाऊ मेंटेनन्स घेतो ते, आणि मग फर्निचर. फर्निचरसाठी पर्सनल लोन काढू नका, त्याचा दर कितीतरी जास्त असतो.

प्री-ईएमआयचं कोणी बोललं नाही म्हणून. स्लॅबप्रमाणे बँकेकडून बिल्डरला पैसे सुटतात आणि सुटलेल्या पैशांवर नुसतं व्याज लागतं, तेच प्री-ईएमआय. समजा २० लाख सुटलेत, तर महिन्याला १४,१६७, मुद्दल एक रुपया कमी होत नाही आणि भाडं वर चालूच. ताबा वर्षभर लांबला तर ते वर्ष तुमच्या खर्चात असंच वाढतं. शक्य असेल तर पहिल्या डिस्बर्समेंटपासून पूर्ण हप्ता सुरू करून मागा, काही ठिकाणी देतात. आणि रेराच्या साइटवर त्या प्रोजेक्टचे तिमाही अपडेट वाचा, तारीख आधी वाढवून घेतली आहे का ते तिथे कळतं. ताबा उशिरा मिळाला तर बिल्डरकडून व्याज मागायचा हक्क रेरात आहे, महाराष्ट्रात तो दर स्टेट बँकेच्या एमसीएलआरवर (तिच्या कर्जाच्या मूळ दरावर) २ टक्के असा आहे, पण ते मिळवायला तक्रार करून थांबावं लागतं.

निगडीकर_३१

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री आम्ही दोघांनी बसून सगळं एक्सेलमध्ये टाकलं. घरासाठीचे स्वतःचे १५ लाख, त्यावर ८ लाख १० हजार सरकारी, ५० लाखांवर २० वर्षांत ५४ लाख व्याज, दीड वर्षाचं प्री-ईएमआय वेगळं. ६५ लाखांचं घर सव्वा कोटीच्या पुढे जातंय, तेही दर वाढला नाही तर. घर घ्यायचं ते घ्यायचंच, पण २० वर्षांचं आणि दरवर्षी ५ टक्के हप्ता वाढवायचा असं ठरवलंय, सहा महिन्यांचे हप्ते आधी बाजूला ठेवणार त्यासाठी गाडी घेणं पुढे ढकललं. एका राष्ट्रीयीकृत बँकेत रेपोवालं लोन विचारलंय, ते पण सोमवारी कागद देतायत. दोन ऑफर शेजारी ठेवून नेमकं काय बघायचं?

ज्योत्स्ना_सदाशिव

केएफएस मागा दोघांकडून, की फॅक्ट स्टेटमेंट. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नवीन रिटेल कर्जाला ते द्यायलाच लागतं. त्यात एपीआर नावाचा एक आकडा असतो, व्याजाबरोबर प्रोसेसिंग फी, लीगल, विमा वगैरे जे तुमच्याकडून घेणार ते सगळं धरून वर्षाला किती टक्के पडतं तो. दर ८.५ आणि एपीआर ८.९ असं दिसलं तर मध्ये काय काय घुसवलंय ते विचारा. दोन्हीकडे रक्कम आणि वर्षं सारखीच लिहून घ्या नाहीतर तुलना होणार नाही. रीसेट किती महिन्यांनी, कशाला बांधलेला दर, कन्व्हर्जन फी किती, ऑनलाइन पार्ट पेमेंट करता येतं की दर वेळी शाखेत जायचं, एवढं विचारून लिहून ठेवा. सोमवारी कागद आले की नाव आणि खाते नंबर झाकून आकडे इथे टाका, मी बघते.