पॅरिसमधील वास्तुकलेचे संग्रहालय : प्रतिकृती पाहण्यासाठी वेळ द्यावा का?

प्रश्न
ऑक्टोबरमध्ये आम्ही दोघे प्रथमच फ्रान्सला जात असून पॅरिसमध्ये चार दिवस राहणार आहोत. आयफेल टॉवरसमोर, नदीपलीकडच्या शायो राजवाड्यात वास्तुकला आणि भव्य शिल्पे यांना वाहिलेले संग्रहालय आहे. मात्र तेथील चर्चची प्रवेशद्वारे आणि पुतळे मूळ दगडी नसून साच्यांवरून घडवलेल्या प्लास्टरच्या प्रतिकृती आहेत, असे समजले. पॅरिसजवळच्या शार्त्र गावातील मूळ दगडी कॅथेड्रल (मोठे चर्च) एका दिवसात पाहून परतता येत असताना प्रतिकृतींसाठी वेळ द्यावा का?

प्रतिसाद १
अवश्य द्यावा. व्हियोले-ल-द्युक या वास्तुविशारदाच्या कल्पनेतून हे संग्रहालय 1882 मध्ये उघडले. दूरदूरच्या गावांतील शिल्पे शेजारी ठेवली, तरच त्यांची तुलना करता येईल, हा त्यामागील विचार होता. दक्षिणेकडील म्वासाक आणि बर्गंडीतील व्हेझले येथील प्रवेशद्वारे येथे पूर्ण आकारात एकाच दालनात पाहता येतात. चार दिवसांच्या प्रवासात ती दोन्ही गावे गाठणे शक्य नाही. शिवाय प्रतिकृतीला दुय्यम मानू नये. सप्टेंबर 1914 मध्ये तोफांच्या माऱ्याने रॅंसच्या कॅथेड्रलला आग लागली आणि तेथील प्रसिद्ध हसऱ्या देवदूताचे शिर तुटून खाली पडले. ते पुन्हा जोडताना याच संग्रहालयातील प्लास्टरच्या प्रतीचा आधार घेतला गेला. त्या देवदूताचे आजचे हसू या प्रतीमुळे टिकले आहे, हे मला फार मोलाचे वाटते.

प्रतिसाद २
वरील मुद्द्याला आपल्याकडचा एक दाखला जोडतो. जॉन ग्रिफिथ्स यांच्या मार्गदर्शनाखाली मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतील विद्यार्थ्यांनी 1872 ते 1885 या काळात अजिंठ्याच्या भित्तिचित्रांच्या प्रती केल्या. लंडनला पाठवलेल्या त्या प्रतींपैकी बऱ्याच 1885 च्या आगीत जळाल्या. प्रती करताना चित्रे स्पष्ट दिसावीत म्हणून लावलेल्या व्हार्निशने मूळ चित्रांचेही नुकसान झाले. शायोमध्ये भित्तिचित्रांच्या प्रतींचे स्वतंत्र दालन आहे. फ्रान्समधील सँ-साव्हँ गावाच्या चर्चमधील चित्रांची प्रत छताच्या वळणासह उभारलेली पाहताना मला त्या विद्यार्थ्यांच्या श्रमांची आठवण झाली आणि आपल्याकडे असे एखादे दालन असायला हवे होते, असे तीव्रतेने वाटले.

प्रतिसाद ३
माझे मत थोडे वेगळे आहे. प्लास्टरमध्ये आकार उतरतो. परंतु रंगीत काचांतून आत झिरपणारा प्रकाश आणि त्या भव्य जागेतील शांतता उतरत नाही. म्हणून तुम्ही आधी शार्त्रला जा, तेथील पश्चिम द्वारावरचे उंच, सडसडीत पुतळे डोळे भरून पाहा आणि त्यानंतर संग्रहालयासाठी अर्धा दिवस ठेवा. मंगळवारी ते बंद असते. वरच्या मजल्यावर ल कॉर्बुझिए यांच्या मार्सेय येथील वसाहतीतील एक घर पूर्ण आकारात उभारले आहे. ज्याने चंडीगडची आखणी केली, त्याने सामान्य कुटुंबाच्या स्वयंपाकघराचा आणि मुलांच्या खोल्यांचा किती बारकाईने विचार केला होता, हे तेथे आत फिरून पाहता येते.