शब्दचर्चा: भाषेला 'अनाथ' म्हणावं का? (निमित्त बास्क)

टंकनिका:
मंडळी, अडलंय. एका प्रवासपुस्तिकेचं भाषांतर करतेय, त्यात उत्तर स्पेन आणि नैऋत्य फ्रान्समधल्या बास्क लोकांवर चार पानं आहेत. त्यांच्या भाषेला 'लँग्वेज आयसोलेट' म्हटलंय, म्हणजे जिचं जगातल्या दुसऱ्या कुठल्याच भाषेशी नातं सिद्ध झालेलं नाही अशी भाषा. मी 'अनाथ भाषा' लिहिलं. संपादकबाईंनी लाल रेघ मारून 'विलग भाषा' केलं. विलग म्हटलं की मला करोनातलं विलगीकरणच आठवतं, चौदा दिवस खोलीत कोंडलेली भाषा. शुक्रवारी द्यायचंय. सुचवा.

जुनाट:
'एकाकी'. मिटला प्रश्न.

रानजाई:
एकाकी कशी हो काका, साडेसात लाखांच्या आसपास लोक बोलतात ती. एकाकी म्हटलं की संध्याकाळी गॅलरीत बसलेली म्हातारी डोळ्यांसमोर येते.

बेळगावी:
निर्गोत्री भाषा? गोत्रच नाही म्हणजे सगळंच आलं.

अर्धीपोळी:
@बेळगावी तुमच्या शब्दाला पत्रिका जुळवायला बसल्याचा वास येतोय.

टंकनिकाताई, अनाथचा मूळ अर्थ 'नाथ नाही' म्हणजे वाली नाही, आईबापांचा संबंध नंतर आला. आणि या भाषेची आई तर सापडलेली आहे. रोमन काळात पिरेनीज डोंगरांच्या उत्तरेला अक्विटेनियात लॅटिनमधे कोरलेले थडग्यांचे दगड आहेत, त्यावर माणसांची जी नावं आहेत त्यात नेस्कातो, किसोन, सेंबे अशी नावं दिसतात. आजच्या बास्कमधे नेस्कातो म्हणजे मुलगी, गिसोन म्हणजे पुरुष, सेमे म्हणजे मुलगा. दोन हजार वर्षं झाली तरी ओळखू येतंय. आई आहे, आज्जीचा पत्ता नाही एवढंच.

जुनाट:
आज्जीचा पत्ता आहे. अश्मयुग. त्यांच्याकडे दगडाला किंवा कड्याला 'आइत्स' म्हणतात आणि कुऱ्हाडीला 'आइस्कोरा', कुदळीला 'आइत्सुर', सुरीला 'आइस्तो'. म्हणजे ही हत्यारं दगडाची होती तेव्हापासून हे शब्द आहेत. मी कॉलेजात असताना आमच्या सरांनी वर्गात सांगितलं होतं, अंगावर काटा आला होता, अजून आठवतं.

अर्धीपोळी:
काका, काटा खरा पण व्युत्पत्ती लटपटती. आइस्कोरा लॅटिन 'आस्किओला' म्हणजे छोटी कुऱ्हाड यावरून आला असं भाषातज्ज्ञ केव्हाचे सांगतायत. रोमनांबरोबर लोखंडी हत्यार आलं, शब्द पण आला. पण दगडाची गोष्ट जास्त गोड आहे त्यामुळे ती मरत नाही.

जुनाट:
लॅटिनवाल्यांना सगळंच लॅटिन दिसतं, आपल्याकडे सगळं संस्कृत दिसणारे असतात तसं.

बेळगावी:
हे मात्र बरोबर बोललात काका. आमच्याकडे विटीदांडू खेळताना वकट, लेंड, मुंड, नाल मोजायचो आणि मास्तर सांगायचे हे संस्कृताचे अपभ्रंश. घरी गेल्यावर तेलुगू बोलणारी शेजारीण हसून गडाबडा लोळली, ओकटी, रेंडू, मूडू, नालुगू. तर मला काय म्हणायचंय की बास्क पण द्राविडी असेल का? आईला ते 'अमा' म्हणतात.

अर्धीपोळी:
अमा, मामा, बाबा, पापा यावरून नातं लावायचं ठरवलं तर जगातल्या सगळ्या भाषा सख्ख्या बहिणी निघतील. पाळण्यातलं पोर जे बोलतं त्याला आईबाप अर्थ चिकटवतात. द्राविडी, कॉकेशसमधल्या भाषा, बर्बर, सगळ्यांशी जोडून झालंय, एकही जोड टिकलेला नाही.

गोंयकार_पुण्यात:
मध्येच येतोय. तुम्ही सगळे युरोपात फिरताय आणि जुन्या गोव्यात बॉं जेझूसच्या चर्चमधे चांदीच्या पेटीत एक बास्क माणूस ठेवलाय त्याचं काय? आमचो गोंयचो सायब, सां फ्रांसिस्क शाविएर, म्हणजे सेंट फ्रान्सिस झेवियर. नावार प्रांतातल्या हाविएरच्या गढीत १५०६ ला जन्म, १५४२ च्या मे मधे गोव्यात. आणि झेवियर हे आडनाव नाही, ते गावाचं नाव आहे, आणि गावाचं नाव बास्क 'एचे बेरी', म्हणजे घर नवं. त्यांच्यात विशेषण नामाच्या मागून येतं. म्हणजे मराठीत झेवियर = नवघरे. आमच्या आळीतल्या अर्ध्या पोरांचं नाव झेवियर आहे आणि एकालाही माहीत नाही की तो नवघरे आहे.

त्याचं एक पत्र आहे, तमिळ किनाऱ्यावरच्या मोती काढणाऱ्या लोकांत गेला तेव्हाचं, त्यात तो लिहितो की त्यांची जन्मभाषा मलबार (तेव्हा तमिळला असं म्हणत) आणि माझी बास्क, त्यामुळे एकमेकांचं काही कळेना.

रानजाई:
अय्या नवघरे!! माझ्या मावसबहिणीचं सासर नवघरे. तिला आत्ताच्या आत्ता मेसेज करतेय.

टंकनिका:
छान आहे सगळं पण माझा शब्द?

डोनोस्तियात_दोन_वर्षं:
मी तिथे (डोनोस्तिया म्हणजे बास्क मुलखातलं सॅन सेबास्तियन) राहिलोय म्हणून थोडं लिहितो, लांबेल, सांभाळून घ्या. पहिलं म्हणजे ते स्वतःला 'बास्क' म्हणतच नाहीत. भाषा एउस्कारा आणि माणूस 'एउस्काल्दुन', यातला शेवटचा 'दुन' म्हणजे जवळ असलेला, बाळगणारा. म्हणजे ज्याच्याकडे एउस्कारा आहे तो एउस्काल्दुन. रक्त, गाव, आडनाव काही नाही त्या शब्दात, फक्त भाषा. आणि बाकी जगातल्या सगळ्या भाषांना मिळून एकच शब्द, 'एर्दारा'. हाच 'दुन' लावून दाढीवाला तो बिसारदुन आणि चॅम्पियन तो 'चापेल्दुन', चापेला म्हणजे त्यांची ती गोल पसरट टोपी, स्पर्धा जिंकणाऱ्याला मेडलच्या जोडीला तीच डोक्यावर घालतात. पूर्वी आपण फिरंग्यांना टोपीकर म्हणायचो ते वेगळ्या अर्थाने, पण मला फार हसू यायचं.

दुसरं. माझ्या घरमालकिणीची आई आस्पेइतियाची (लोयोलाच्या इग्नेशियसचं गाव), वय ऐंशीच्या पुढे, स्वयंपाकघरात वाटाणे सोलत बसायची. एक दिवस धाकटा भाऊ दारात आला आणि ती त्याच्याशी बोलायला लागली तर क्रियापदंच वेगळी. नंतर विचारलं तर कळलं की जवळच्या माणसाशी बोलताना समोर पुरुष आहे की बाई यावरून क्रियापद बदलतं, आणि हे वाक्यात त्या माणसाचा काही संबंध नसताना सुद्धा! 'मी आलो' साधं म्हटलं तर एतोरी नाइस. भावाला सांगताना एतोरी नाउक. बहिणीला सांगताना एतोरी नाउन. मी म्हटलं आज्जी, हे तर आमच्याकडे आहे, आलो रे, आलो गं. तिला ते इतकं आवडलं की नंतर मी दिसलो की 'रे!' अशी हाक मारायची. बायकांसाठीचं ते नाउन-वालं रूप आता फार कमी उरलंय म्हणे, नातीला येत नव्हतं.

बेळगावी:
म्हणजे रे आणि गं क्रियापदाच्या पोटात. जबरदस्त.

अर्धीपोळी:
आणि 'ने' पण आहे. गिसोना एतोरी दा, माणूस आला. गिसोनाक ओगिआ यान दु, माणसाने पाव खाल्ला. कर्म असलं की कर्त्याला 'क' लागतो, अगदी आपल्या 'ने'सारखा. फरक असा की आपला 'ने' मुख्यतः भूतकाळात दिसतो आणि 'मी', 'तू' ला लागत नाही (गावाकडचं 'म्या केलं' हे जुनं रूप सोडून), त्यांचा सगळ्या काळात आणि सगळ्यांना लागतो.

जुनाट:
बघा! नातं निघालंच.

अर्धीपोळी:
नाही निघालं काका. शेजारच्या दोन घरांना सारखी कौलं असली म्हणून भाऊबंद होत नाहीत.

गोंयकार_पुण्यात:
आणखी एक. त्यांचं चर्च म्हणजे 'एलिसा', आमचं इगर्ज. दोन्ही लॅटिन 'एक्लेसिया'ची पोरं, इगर्ज पोर्तुगीजांच्या वाटेने आलं.

डोनोस्तियात_दोन_वर्षं:
एलिसावरून आठवलं, तिकडे पण भाषाशुद्धीवाले होऊन गेले. साबिनो आराना, १८६५ ते १९०३, त्यांच्या राष्ट्रवादाचा बाप. चर्चला एलिसा नको म्हणून 'चादोन', पुस्तकाला 'लिबुरु' नको म्हणून 'इदास्ती'. दोन्ही आपटले, लोक एलिसा आणि लिबुरुच म्हणतात. पण झेंड्याला काढलेला 'इकुर्रिन्या' रुळला. गंमत म्हणजे साहेब स्वतः घरात स्पॅनिश बोलत वाढले, बास्क नंतर शिकले, आणि एउस्को हे मूळ 'एगुस्की' म्हणजे सूर्यावरून आलं असं ठरवून त्याचं स्पेलिंगच बदललं.

रानजाई:
शुद्धीचा जोर बाटग्यालाच जास्त, आजी म्हणायची.

जुनाट:
सावरकरांचे महापौर, दिनांक, क्रमांक वापरता आणि वर नावं ठेवता. शुद्धीवाले नसते तर आज 'डेट' आणि 'नंबर' म्हणत बसला असता.

रानजाई:
काका, आम्ही डेट आणि नंबरच म्हणतो. बँकेच्या फॉर्मवर दिनांक असतं तेवढंच.

बेळगावी:
भांडू नका. त्यांच्यात तर एका 'ह' वरून भांडणं झाली. १९६८ ला आरान्तासूच्या मठात प्रमाणभाषा ठरवायला बसले, फ्रान्सकडचे 'ह' उच्चारतात, स्पेनकडचे नाही, तरी लेखनात 'ह' ठेवला, आणि बरीच वर्षं 'ह'वाले आणि बिन'ह'वाले. आपले १९६२ ला अनुस्वार गेले तेव्हा आमचे आजोबा मरेपर्यंत नांव आणि गांव लिहीत राहिले, तसंच.

टंकनिका:
पुस्तिकेत 'युरोपचे मूळ रहिवासी' पण आहे. ते तरी ठेवू का?

अर्धीपोळी:
नका ठेवू. २०१९ ला इबेरियातल्या जुन्या हाडांच्या डीएनएवर मोठा अभ्यास आला. सुमारे चार हजार वर्षांपूर्वीपर्यंत पूर्वेच्या गवताळ मैदानांकडचं रक्त तिथे मिसळलं आणि पुरुषवंश जवळपास सगळा बदलला, बास्कांचाही. ते वेगळे दिसतात ते त्यानंतर रोमन वगैरेंची सरमिसळ फारशी झाली नाही म्हणून. म्हणजे रक्त बदललं आणि भाषा राहिली, आता याला मूळ रहिवासी म्हणायचं कसं ते तुम्हीच बघा.

डोनोस्तियात_दोन_वर्षं:
माझा सगळ्यात आवडता शब्द राहिला. 'सोरी' म्हणजे नशीब, 'चोरी' म्हणजे पक्षी, आणि दोन्ही मुळात एकच असं मानतात, कारण पक्षी कुठून उडाला यावर नशीब बघायचे. पँपलोनाजवळ इरुलेगीच्या टेकडीवर २०२१ ला काशाचा एक तळहात सापडला, दाराला ठोकायचा असावा, इसवी सनापूर्वीचा, त्यावरचा पहिला शब्द आधी 'सोरिओनेकु' वाचला, म्हणजे आजचं सोरिओनेको, भाग्याचा. नंतर त्यातल्या अक्षरांवरून वाद झाला तो चालूच आहे. आणि निरोप घेताना म्हणतात 'आगुर', ते लॅटिन ऑगुरियमवरून, म्हणजे परत शकुनच.

बेळगावी:
थांबा थांबा. संस्कृतात शकुन म्हणजे आधी पक्षीच! शकुंत म्हणजे पक्षी, शकुंतला ती पक्ष्यांनी सांभाळलेली. आमची आई अजून कावळा ओरडला की पाहुणा येणार म्हणते आणि तांदूळ जास्त घालते.

जुनाट:
आता तरी नातं माना.

अर्धीपोळी:
कावळे सगळीकडे असतात काका.

गोंयकार_पुण्यात:
टंकनिका, एवढं लांब जायला नको, बुलढाणा जिल्ह्यात जळगाव जामोदकडे निहाली आहे, तिचं पण कुणाशी नातं लागत नाही, बोलणारे दोन-अडीच हजार. तिला मराठीत काय म्हणतात तेच बास्कला म्हणा.

रानजाई:
तिला मराठीत काही म्हणतच नाहीत, तिच्याबद्दल लिहितंय कोण.

टंकनिका:
शुक्रवार उलटला, मजकूर गेला. विलग नको म्हणून शेवटी 'एकुलती भाषा' लिहिलं, बाईंनी काही न बोलता ठेवलं.

जुनाट:
एकुलतीला आईबाप जिवंत असावे लागतात.

बेळगावी:
तुम्ही आधी सांगा, तुमच्याकडे विटीदांडूत नाल नंतर काय म्हणायचे?