जुन्या नकाशात होळकर संस्थान असं तुकड्यातुकड्यांत का?

राजवाडा_इंदूर:
मंडळी, काकांच्या पेटीत सेंट्रल इंडियाचा इंग्रजी अमलातला नकाशा सापडला. होळकरांचा मुलूख सलग नाहीच हो, इंदूरपाशी एक तुकडा, रामपुरा-भानपुरा पार वर, महिदपूर वेगळं, नर्मदेकाठी निमाड वेगळं, मधेमधे शिंदे, पवार, जावऱ्याचा नवाब. आधीपासूनच असं होतं की इंग्रजांनी तोडलं?

छावणीकर:
दोन्ही. पेशव्यांच्या काळात माळवा होळकर-शिंदे-पवारांत वाटला गेला तो वसुलाच्या हिशोबाने, हा परगणा तुमचा, तिथल्या वसुलात आमचा इतका हिस्सा, असं. सरहद्दीची रेघ मारायची गरजच नव्हती. मग डिसेंबर 1817 ला महिदपूरची लढाई हरलो, जानेवारी 1818 मध्ये मंदसौरचा तह झाला, त्यात सातपुड्याच्या दक्षिणेचा मुलूख गेला आणि जावरा गफूरखान या पठाण सरदाराकडे कायम झालं. त्यानंतर इंग्रज अधिकारी माल्कमने इंदूरजवळच्या महूला तळ ठोकून माळव्याची बारीकसारीक माहिती गोळा केली, कोणाचं गाव, वसूल किती. एकदा कागदावर रंग भरला की हिस्सा जाऊन हद्द आली, आणि पुढे भांडण झालं की निवाडा त्यांच्याच कागदावरून. मला हेच सगळ्यात जास्त लागतं.

देवासची_ताई:
अगदी बरोबर दादा. आमच्या देवासला तर पवारांचे तुकोजीराव आणि जिवाजीराव, दोघे भाऊ, एकाच गावात दोन गाद्या, थोरली पाती नि धाकटी पाती. रस्त्याच्या एका बाजूला एकाचा अंमल, दुसऱ्या बाजूला दुसऱ्याचा. हे नकाशात कसं दाखवणार सांगा!

मोडीवाचक:
आपल्याकडेही नकाशे होतेच बरं का, मोडीत नावं, नद्या, किल्ले, पण स्केलवर नाहीत, कारण फौज न्यायला रस्ता नि घाट कळला की झालं. इंग्रजांना मोजणीच हवी होती. लॅम्बटन या इंग्रज अधिकाऱ्याने 1802 मध्ये मद्रासजवळून मोजणीसाठी त्रिकोणांची साखळी सुरू केली, अर्ध्या टनाचा थिओडोलाइट (कोन मोजायचं यंत्र) माणसांच्या खांद्यावरून टेकड्यांवर चढवायचे, लॅम्बटन 1823 मध्ये आपल्या हिंगणघाटला वारला, मग त्याचा मदतनीस एव्हरेस्टने काम पुढे माळव्यातल्या सिरोंजपर्यंत आणलं. म्हणजे तह आधी, मोजणी मागून.

राजवाडा_इंदूर, नकाशावर साल नसेल तर मंडलेश्वर, कसरावद, बडवाह कोणाच्या रंगात आहेत ते बघ. ही निमाडातली ठिकाणं इंग्रजांशी झालेल्या अदलाबदलीत होळकरांकडे आली ती 1860 च्या दशकात. इंग्रजांच्या रंगात असतील तर नकाशा त्याच्या आधीचा. फोटो टाक, नीट उजेडात काढ.