"वरून ऑर्डर होती" म्हटलं की झाली का सुटका?

सरळवळण:
परवा एक पोस्ट फिरत आली आणि वाचून डोकंच फिरलं. म्हणे सैनिक हा हुकमाचा ताबेदार, ट्रिगर त्यानं दाबला तरी दोष हुकूम देणाऱ्याचा, आणि न्यूरेंबर्गचा खटला, दुसऱ्या महायुद्धानंतर नाझी पुढाऱ्यांवर चालला तो, म्हणजे जिंकलेल्यांनी हरलेल्यांवर उगवलेला सूड. खाली सगळे "अगदी मनातलं बोललात दादा". मनातलं असेल हो, पण खरं आहे का ते तर बघा. न्यूरेंबर्गच्या सनदेतलं ८ वं कलम म्हणतं की हुकूम होता म्हणून जबाबदारी टळत नाही, फार तर शिक्षा कमी करताना त्याचा विचार होईल. आणि हे काही १९४५ साली अमेरिकेनं झोपेतून उठून काढलेलं नाही. १९२१ मध्ये लाइपझिगला जर्मन जजांनीच जर्मन नौदलाच्या दोन लेफ्टनंटांना ४-४ वर्षं ठोकली होती, पहिल्या महायुद्धात लँडोव्हरी कॅसल हे हॉस्पिटल जहाज बुडवल्यावर लाइफबोटीतल्या माणसांवर गोळीबार झाला म्हणून. हुकूम पाणबुडीच्या कॅप्टनचा होता आणि तो तोवर पळालेला. मग हा कोणत्या जेत्यांचा न्याय?

तर्कटी:
अर्धीच गोष्ट सांगताय. त्याच कोर्टानं त्याच वर्षी डोव्हर कॅसल बुडवणाऱ्या कॅप्टनला "वरिष्ठांचा हुकूम होता" म्हणून सोडलं. तेही हॉस्पिटल जहाजच. आणि तुमचे ते दोन लेफ्टनंट काही महिन्यांत तुरुंगातून पसार झाले, ते पण लिहा की. सोयीचं तेवढं उचलायचं.

सरळवळण:
पसार झाले म्हणून निकाल चुकीचा ठरतो का? काहीही.

जुनाबूट:
मी २२ वर्षं वर्दीत काढलीत, हवालदार म्हणून रिटायर झालो, सातारा जिल्हा. खुर्चीत बसून कलमं टाकणाऱ्यांना एकच विचारतो, समोरून गोळी येत असताना साहेब "फायर" म्हणाला तर मी काय पुस्तक उघडून बघू? फौज अशी चालत नाही. उद्या प्रत्येक जवान विचार करत बसला तर तुम्ही रात्री झोपाल का शांत?

ओलीकाठी:
काका, तुमच्या सेवेबद्दल आदर आहे पण समोरून गोळी येतीये ती लढाई झाली, तिचा विषयच नाहीये. हात बांधलेल्या माणसाला मार असा हुकूम आला तर? आपल्याच आर्मी ॲक्टच्या ४१ व्या कलमात "कायदेशीर हुकूम" मोडला तर गुन्हा असं आहे, नुसता हुकूम नाही. आणि पेशावर १९३० विसरलात का? इंग्रजांच्या फौजेतल्या चंद्रसिंह गढवाली आणि त्यांच्या जवानांनी नि:शस्त्र पठाणांवर गोळ्या झाडायला नकार दिलाच ना.

जुनाबूट:
विसरलो नाही. जन्मठेप झाली त्यांना, १९४१ ला सुटले. स्वतःच्या पोराला सांगाल का तसं कर म्हणून? इथे टाइप करायला काय जातंय.

सरळवळण:
काकांचा मुद्दा वाटतो तितका सोपा नाही, म्हणून एर्देमोविचचं सांगतो. बोस्नियन सर्बांच्या फौजेतला क्रोएट पोरगा, २३-२४ वर्षांचा, घरी बायको आणि तान्हं मूल. १६ जुलै १९९५, बोस्नियातलं मुस्लिमांचं स्रेब्रेनित्सा शहर या फौजेच्या हाती पडल्यानंतर पिलित्साजवळच्या ब्रान्येवो फार्मवर बसच्या बस भरून माणसं आणली आणि सकाळपासून दुपारपर्यंत सुमारे १२०० मारली. हा नको म्हणाला तर उत्तर मिळालं, एवढं वाईट वाटत असेल तर जा त्यांच्या रांगेत उभा राहा. त्यानं स्वतःच्या अंदाजानं ७० एक माणसं मारली. पुढे स्वतःहून कबूल केलं. हेगच्या आंतरराष्ट्रीय युद्धगुन्हे कोर्टात आधी १० वर्षं. १९९७ च्या अपिलात ३ विरुद्ध २ नं ठरलं की जिवाची धमकी असली तरी निरपराध माणसं मारल्याच्या गुन्ह्यातून पूर्ण सुटका नाही. त्यातले एक जज कॅसेसे विरोधात गेले, त्यांचं म्हणणं असं की हा मेला असता तरी ती माणसं मरणारच होती, मग कायदा माणसाकडून वीरमरण कसं मागतो? शेवटी १९९८ ला ५ वर्षं. म्हणजे नुसता हुकूम वेगळा आणि कपाळाला लावलेली बंदूक वेगळी, ती पोस्ट दोन्हीची भेळ करते.

जुनाबूट:
म्हणजे जो खरं बोलला तोच आत. चोर सोडून संन्याशाला फाशी.

ओलीकाठी:
७० जणांना मारणारा संन्यासी?? शब्द जपून वापरा काका.

पासबुक:
संन्याशावरून आठवलं. मी एका बँकेत क्लार्क होतो. मॅनेजर म्हणाला, "फाइलवर सही कर, पार्टी आपली आहे, मी बघतो." केली. कर्ज बुडालं, चौकशी लागली, साहेब म्हणाला मी असं बोललोच नाही. मी १४ महिने सस्पेंड, निर्वाह भत्त्यावर, मुलीची फी मेव्हण्यानं भरली. साहेब सत्कार, शाल, नारळ घेऊन रिटायर. तेव्हा कलमं सांगणारा एकही आला नव्हता.

तर्कटी:
बँकेची सही आणि १२०० मुडदे एका तराजूत? कमाल आहे.

पासबुक:
तराजू तुमचा, मी सवय सांगतोय. "सही कर मी बघतो" ही सवय आपल्या प्रत्येक ऑफिसात आहे.

मिरचीभजी:
+१. लेखी मागायचं, दुसरा उपाय नाही. मी सरकारी खात्यात आहे, दोनदा म्हणालो "साहेब एवढं लेखी द्या". दोन्ही वेळा काम रद्द झालं आणि तिसऱ्या महिन्यात माझी बदली, जिथं दिवसाला एक एसटी जाते.

पासबुक:
बदलीच झाली ना? मी तर बदलीवर पेढे वाटले असते.

मिरचीभजी:
आजारी आईला घेऊन जा तिथं आणि मग वाटा पेढे. दुसऱ्याचं दुःख लहानच दिसतं.

तर्कटी:
आता दोघं मिळून पेन्शनचा हिशोब लावा, स्रेब्रेनित्सा राहू दे.

सरळवळण:
उलट भजीताईंनी मुद्द्यावरच आणलं. त्याच दुपारी एर्देमोविचच्या तुकडीला पिलित्सातल्या सभागृहात कोंडलेल्या आणखी ५०० जणांना मारायला सांगितलं. तो नाही म्हणाला, आणखी तिघं त्याच्या बाजूनं उभे राहिले. चौघांनाही कुणी गोळी घातली नाही.

जुनाबूट:
आणि ते ५००?

सरळवळण:
दुसऱ्यांनी मारले.

जुनाबूट:
मग. सकाळी एकटा होता, दुपारी चौघं झाले, फरक तेवढाच. ते दुपारचं मला माहीत नव्हतं हे मान्य करतो, पण सकाळचा प्रश्न तसाच आहे. तुम्ही काय केलं असतं सरळवळण?

सरळवळण:
खरं सांगू? माहीत नाही. बहुतेक झाडली असती. म्हणूनच त्याला निर्दोष म्हणवत नाही आणि जन्मठेपही द्यावीशी वाटत नाही. ५ वर्षं मला पटतात.

तर्कटी:
वा, म्हणजे कॅसेसेला अर्धे मार्क. एवढं लिहून शेवटी मधलाच रस्ता धरलात.

पासबुक:
५ वर्षं तर ५ वर्षं. माझ्या मॅनेजरला किती ते पण सांगा कुणीतरी.