नशेने पार्करचे वादन फुलले का?
नशेमुळे अमेरिकन जॅझ सॅक्सोफोनवादक चार्ली पार्करचे वादन फुलले, हे मत मला मुळीच पटत नाही. जुलै १९४६मध्ये लॉस एंजेलिसला ‘लव्हर मॅन’ हे गाणे ध्वनिमुद्रित करताना त्याची अवस्था इतकी बिकट होती की, त्यानंतर सुमारे सहा महिने त्याला कॅमारिलोच्या मनोरुग्णालयात काढावे लागले. तेथून सुधारून बाहेर आल्यावर १९४७मध्ये त्याने जे वाजवले, त्यातील सॅक्सोफोनच्या स्वच्छ, वेगवान ताना (हाच शब्द मला योग्य वाटतो) अवश्य ऐकाव्यात.

दुर्दैवाने कीर्ती अशी की, तरुण वादकांनी त्याच्या सुरांबरोबर हेरॉइनच्या सुईचेही अनुकरण केले, आणि त्याचे पार्करला मनापासून दुःख होते. तरुण सॅक्सोफोनवादक सनी रोलिन्सने १९५३मध्ये आपण नशा सोडल्याचे त्याला खोटेच सांगितले. सत्य कळल्यावर पार्कर इतका निराश झाला की, त्या निराशेने हेलावलेला रोलिन्स पुढे लेक्सिंग्टनच्या सरकारी रुग्णालयात उपचारांसाठी दाखल झाला. बरे होऊन पार्करला भेटण्याची त्याची इच्छा मात्र अपुरीच राहिली. १२ मार्च १९५५ रोजी पार्कर गेला. वय अवघे ३४; मृतदेह पाहणाऱ्या डॉक्टरांना तो पन्नाशी उलटलेल्या माणसाचा वाटला होता.