दुसऱ्याच्या पार्सलमध्ये गांजा निघाला तर जबाबदारी कोणाची?

प्रश्न : माझा भाचा बँकॉकहून मुंबईला परतणार असून ओळखीच्या एका गृहस्थांनी त्याला बंद पार्सल देऊ केले आहे. त्यात गांजा निघाल्यास ‘मला ठाऊक नव्हते’ हे म्हणणे टिकेल का?

उत्तर १ : सहजासहजी नाही. १९८५ च्या एनडीपीएस (अमली पदार्थविरोधी) कायद्याचे कलम ३५ जाणीव होती असेच गृहीत धरते आणि ती नव्हती हे आरोपीलाच वाजवी शंकेपलीकडे सिद्ध करावे लागते. कृपया त्याला आजच फोन करून पार्सल नाकारायला सांगा.

उत्तर २ : शिक्षा वजनावर ठरते. गांजा १ किलोहून कमी असल्यास १ वर्षापर्यंत सक्तमजुरी किंवा दंड होतो, मात्र २० किलोंहून अधिक असल्यास किमान १० वर्षे सक्तमजुरी ठरलेली आहे आणि कलम ३७ मुळे जामीनही अत्यंत दुर्मीळ होतो.

प्रश्नकर्ता : आभारी आहे, त्याला लगेच कळवतो.